९४ चौकोनांचा जिल्हा

परवा रात्री ताईचा फोन आला. रात्री साडेनऊनंतर ताईचा फोन म्हणजे एकतर कोणीतरी आजारी, नाहीतर भाचीचं काहीतरी. या वेळी भाची होती. "तूच सांग आता तिले. तुयं आयकते थे."

प्रकरण असं. भाचीचं अमरावतीला कॉम्प्युटर इंजिनिअरिंग झालं. पुण्यातल्या एका कंपनीचं पत्र हातात आहे, पगाराचा आकडा भाऊजींनी अर्ध्या दारव्ह्याला सांगून झालाय, आणि आता ही पोरगी म्हणते की मी रुजू होणार नाही. पुणे विद्यापीठात मॉडेलिंग आणि सिम्युलेशनचा विभाग आहे, तिथे एम.टेक. करायचं, मग पीएच.डी., आणि पुढचं आयुष्य सिम्युलेशनच्या संशोधनात घालवायचं. कशाचं सिम्युलेशन? तर पावसाचं.

भाऊजींनी फोन हिसकावून घेतला असावा, कारण मध्येच त्यांचा आवाज आला. "मामा, मले एक सांगा. सिम्युलेशन म्हंजे खोटं खोटंच ना? मंग खोट्या पावसासाठी खरी नोकरी कायले सोडाव?"

मी "बघतो" म्हणालो आणि फोन ठेवला. आयुष्यभर भौतिकशास्त्र शिकवलेल्या माणसाला या प्रश्नाचं उत्तर झटकन देता यायला हवं होतं. नाही देता आलं. चार दिवस तोच प्रश्न डोक्यात घोळतोय. म्हणून हे लिहितोय. भाऊजी, हे तुम्हीही वाचाल हे मला माहीत आहे. फोनवर तुम्ही बोलू देत नाही, इथे मी बोलतो.

खोटं खोटं हे खरंच आहे. कागदावर किंवा संगणकात एक खोटं आभाळ उभं करायचं. त्याचे चौकोन पाडायचे, पृथ्वीवर जाळं टाकल्यासारखे, आणि वरच्या दिशेनेही थरावर थर. प्रत्येक चौकोनाला आत्ताचं तापमान, दाब, वारा, हवेतली वाफ द्यायची. मग न्यूटनपासून चालत आलेली हवेच्या हालचालीची, उष्णतेची आणि बाष्पाची समीकरणं लावून काही मिनिटांनी प्रत्येक चौकोनात काय होईल ते काढायचं. ते उत्तर घेऊन त्यापुढची मिनिटं काढायची. असं करत करत उद्या, परवा, पुढचा आठवडा. लुईस रिचर्डसन नावाच्या इंग्रज माणसाने पहिल्या महायुद्धात रुग्णवाहिका चालवता चालवता ही आकडेमोड हाताने केली आणि १९२२ साली पुस्तकात छापली. फक्त सहा तासांचा अंदाज. उत्तर आलं की दाब १४५ मिलिबारने बदलेल. इतका दाब बदलायचा तर वादळाच्या बापाला यावं लागेल. प्रत्यक्षात त्या दिवशी जवळपास काहीच झालं नव्हतं. तरी त्याने ते चुकीचं उत्तर लपवलं नाही, सगळ्या पायऱ्यांसकट छापलं. ही पद्धतच पुढे जगाने उचलली. सिम्युलेशनच्या धंद्यातला पहिला माणूस असा जाहीर नापास झालेला आहे, हे भाचीला मी मुद्दाम सांगणार आहे.

आता आपल्याकडचं. २००९ चा जून आठवतोय ना सगळ्यांना? मिरगाचं एक चांगलं सरवट आलं, दोन दिवस वावरात पाय ठेवता येईना, मग वापसा झाला आणि बाबांनी पऱ्हाटी टोबून घेतली. गावातल्या सगळ्यांनीच घेतली. मग आभाळ जे गेलं ते गेलंच. अंकुर वर आले आणि माना टाकू लागले. आईने आणि काकूने घागरीने पाणी घालून धुऱ्याजवळची दोन तासं वाचवली, बाकी मोडलं. पुन्हा बियाण्याच्या थैल्या, पुन्हा मजुरी, आणि या वेळी उधारीवर. बाबा काही बोलले नाहीत, फक्त संध्याकाळी ओट्यावर बसून हिशोबाच्या वहीत दुसऱ्यांदा 'पेरणी' हा शब्द लिहिला. यवतमाळ जिल्ह्यात ज्याला दुबार पेरणी म्हणतात ती ही. आपल्या जिल्ह्याचं नाव देशभर ज्या कारणाने माहीत झालं, त्याची सुरुवात बऱ्याच घरांत अशाच एका संध्याकाळी झालेली असते. कृषी खातं दरवर्षी सांगतं, ७५ ते १०० मिलिमीटर पाऊस झाल्याशिवाय पेरू नका. बरोबर आहे. पण पेरणाऱ्याचा प्रश्न 'किती पडला' हा नसतोच, 'यापुढे तीन आठवडे खंड पडणार का' हा असतो. त्याचं उत्तर मागे बघून मिळत नाही. खोटं आभाळ पुढे पळवून बघणं हाच त्यावरचा एक धड मार्ग आहे.

या धंद्यात आपल्या वऱ्हाडातलं एक नाव सगळ्यांना ठाऊक आहे. विजय भटकर. गाव मुरंबा, तालुका मूर्तिजापूर. म्हणजे आपल्या शकुंतलेच्या मुलखातले. (नव्या पिढीसाठी: शकुंतला ही यवतमाळ ते मूर्तिजापूर ११३ किलोमीटर धावणारी नॅरोगेज. कापूस वाहायला इंग्रजी कंपनीने घातलेली. दारव्हा मोतीबागला उतरून आम्ही मामाच्या गावी जायचो. आता रूळ आहेत, गाडी नाही.) भटकरांचा जन्म १९४६ चा. १९६५ साली नागपूरच्या विश्वेश्वरय्या प्रादेशिक अभियांत्रिकी महाविद्यालयातून पदवी, बडोद्याहून पदव्युत्तर, १९७२ साली दिल्ली आयआयटीतून पीएच.डी. पुढे केंद्राच्या इलेक्ट्रॉनिक्स खात्यात आणि तिरुवनंतपुरमच्या संशोधन केंद्रात. १९८८ मध्ये पुण्यात सी-डॅक निघालं, तीन वर्षांत महासंगणक बांधून दाखवा असं ठरलं, आणि १९९१ मध्ये 'परम ८०००' उभा राहिला.

ही गोष्ट आपण कशी सांगतो? अमेरिकेने क्रे महासंगणक नाकारला, आपण आपला बांधला, त्यांची जिरली. शाळेच्या भाषणात मीही अशीच सांगितलेली आहे. पण थोडं थांबून बघितलं तर त्यातलं खरं मर्म वेगळंच आहे. क्रे आपण मागितला होता तो मान्सूनसाठी. अमेरिकेने हवा तो मोठा दिला नाही. त्याहून लहान, क्रे एक्स-एमपी १४, दिल्लीत हवामानाच्या कामासाठी आला, तोही वापरावर अटी घालून. का? कारण ज्या यंत्रावर ढगाचं खोटं रूप चालवता येतं त्याच यंत्रावर अणुबॉम्बचंही चालवता येतं. म्हणजे भाऊजी, ज्याला तुम्ही खोटं खोटं म्हणता त्यासाठी दोन सरकारांत वर्षानुवर्षं घासाघीस चालली होती. उगाच नाही.

परम कसा चालायचा हे समजायला आपल्याला कापूस वेचणीच पुरे. एकच भीमासारखी वेचणारी आणायची ऐपत नाही. मग चौसष्ट साध्या बाया लावा, प्रत्येकीला दोन-दोन तासं वाटून द्या. भटकरांच्या मंडळींनी तेच केलं. ट्रान्सप्युटर नावाचे ब्रिटिश बनावटीचे छोटे प्रोसेसर घेतले, ६४ पासून सुरुवात केली आणि एकमेकांना जोडले. गंमत अशी की वेचणी एकेकटीने करता येते, पावसाची आकडेमोड येत नाही. वारा धुरा मानत नाही. आपल्या चौकोनाची पुढची मिनिटं काढायची तर शेजारच्या चौकोनात आत्ता काय झालं ते विचारावंच लागतं. त्यामुळे अर्धं कौशल्य वेचण्यात आणि अर्धं त्या विचारपुशीत. सगळ्या बाया बोलतच बसल्या तर वेचणी कधी होणार? ही जी विचारपूस बसवणारी माणसं, ती माझ्या भाचीसारखी. प्रोग्राम लिहिणारी. त्यांतल्या कोणाचं नाव तुम्हाला आठवतं? मलाही नाही.

इथे माझी पहिली तक्रार. आपण यंत्राचा सत्कार करतो. भटकरांना पद्मश्री, महाराष्ट्रभूषण, पद्मभूषण मिळालं, आणि ते योग्यच झालं. (विज्ञान आणि अध्यात्म यांची सांगड घालायची त्यांची पुढची वाट मला फारशी पटत नाही, पण तो वेगळा विषय. असो.) २०१८ मध्ये पुण्याच्या उष्णदेशीय हवामान संस्थेत 'प्रत्युष' आला, २०२४ मध्ये 'अर्क'. दर वेळी पेपरात बातमी असते ती सेकंदाला किती गणितं याची. त्या यंत्रावर चालणारं मॉडेल दहा-दहा वर्षं घासणारी माणसं कधी बातमीत नसतात. बैलजोडी दारात आली की गाव जमतं, वखर कोण धरणार हे कोणी विचारत नाही.

दुसरी गोष्ट २००२ ची. तेव्हा देशाचा मान्सूनचा अंदाज सिम्युलेशनने निघत नव्हता. वसंत गोवारीकर आणि सहकाऱ्यांनी बसवलेलं सोळा घटकांचं मॉडेल १९८८ पासून वापरात होतं. कुठे बर्फ किती, कुठे दाब किती, कुठे समुद्र किती तापला, असे सोळा घटक आणि त्यांचं आजवरच्या पावसाशी जुळलेलं नातं. एका अर्थी ही आजोबांचीच रीत, फक्त आकड्यांत. टिटवीने अंडी कुठे घातली ते बघायचं आणि मागच्या वर्षांशी ताडून बघायचं. चौदा वर्षं ती बरी चालली. २००२ ला अंदाज सामान्य पावसाचा होता आणि प्रत्यक्षात देशभर १९ टक्के तूट आली, जुलै तर कोरडाच गेला. मी गोवारीकरांना दोष देणार नाही, त्या काळात हाताशी होतं त्यातून त्यांनी नेमकेपणाने काम केलं. पण अनुभवाची अडचण ही की जे आधी घडलंच नाही ते तो सांगू शकत नाही. समीकरणं निदान प्रयत्न करतात. २०१२ मध्ये 'मान्सून मिशन' सुरू झालं ते याच कारणाने, की आता आभाळ ताडून नाही तर चालवून बघायचं.

मग आता सगळं छान आहे का? नाही, आणि भाचीने नेमकं इथेच मला पकडलं. तिच्याशी बोललो तेव्हा तिने मला एक भागाकार करायला लावला. यवतमाळ जिल्ह्याचं क्षेत्रफळ १३,५८२ चौरस किलोमीटर. हवामान खात्याचं २०१८ पासूनचं मॉडेल बारा किलोमीटरचे चौकोन धरायचं. एक चौकोन १४४ चौरस किलोमीटरचा. भागून बघा, आपला अख्खा जिल्हा म्हणजे ९४ चौकोन. उमरखेडपासून वणीपर्यंत, सोळा तालुके, दोन हजारांच्या आसपास गावं, आणि चौकोन ९४. एका चौकोनात वीसेक गावं, आणि त्या वीस गावांना मिळून एकच पाऊस. आपल्याला तर माहीत आहे की नाल्याच्या अलीकडे पडतो आणि पलीकडे धूळ उडते.

"मंग चौकोन लहान कराव ना," मी म्हणालो. ती हसली. चौकोनाची बाजू निम्मी केली की चौकोन चौपट होतात, आणि वारा एका उडीत आख्खा चौकोन ओलांडू नये म्हणून वेळेची पावलंही निम्मी करावी लागतात. म्हणजे काम आठपट. २०२५ च्या मे महिन्यात सहा किलोमीटरचं 'भारत फोरकास्ट सिस्टीम' आलं, त्यात आपला जिल्हा सुमारे ३७७ चौकोनांचा झाला. तरी एका चौकोनात पाच-सहा गावं आहेतच, आणि सुटा पावसाळी ढग त्याहूनही लहान. तो चौकोनात मावत नाही, बुडून जातो. मग त्याच्या जागी एक ठोकताळा वापरावा लागतो: हवा इतकी दमट, इतकी तापलेली, तर इतके ढग असतील. हा ठोकताळा कोणी बसवला, कुठल्या देशाच्या आभाळावर बसवला, आणि तो पैनगंगेच्या खोऱ्यात चालतो का, यावर सगळं. "मामा, मले त्या ठोकताळ्यात काम कराचं हाय." मी गप्प झालो. इतकं नेमकं उत्तर मला माझ्या करिअरबद्दल विसाव्या वर्षी सोडा, साठाव्या वर्षीही देता आलं नसतं.

आता टक्केवारीबद्दल. एडवर्ड लोरेन्झने १९६१ मध्ये आपल्या संगणकातल्या खोट्या हवामानात ०.५०६१२७ च्या ऐवजी ०.५०६ एवढंच भरलं, चहा-कॉफी घेऊन परत आला तर पुढचं सगळं हवामान वेगळंच. एवढ्याशा फरकाने! त्यामुळे आता मॉडेल एकदा चालवून भागत नाही. सुरुवातीचे आकडे किंचित इकडेतिकडे करून पुन्हा पुन्हा चालवतात. आपल्याकडे २०१८ पासून अशा २१ खेपा होतात. त्यातल्या चौदांत पाऊस पडला तर शक्यता दोन-तृतीयांश. हे अत्यंत प्रामाणिक उत्तर आहे, आणि आपल्याला नेमकं तेच नको असतं.

अक्षय्य तृतीयेला बुलढाण्याच्या भेंडवळला घटमांडणी होते. संध्याकाळी शेतात घट मांडतात, भोवती अठरा धान्यं, आणि सकाळी दाणे कसे सरकले ते बघून सांगतात: जून कमी, जुलै बरा, कापूस तेजीत. दुसऱ्या दिवशी सगळ्या पेपरांत. मी तिची टर उडवणाऱ्यांतला नाही, आमच्या बाबांनीही तो पेपर दरवर्षी वाचला. पण भेंडवळ कधी '६० टक्के' म्हणत नाही, म्हणून ती लाडकी. सिम्युलेशनवाला '६० टक्के' म्हणतो आणि पाऊस आला नाही की आपण त्याला खोटारडा ठरवतो. भाऊजी, तुम्ही सोयाबीन विकायचं की ठेवायचं हे ठरवताना मनात हाच हिशोब करता की नाही? भाव चढण्याची आशा किती, घरात पैशाची नड किती. साठ टक्क्यांवर तुम्ही आयुष्यभर शेती केली. फक्त ते कोणी आकड्यात सांगितलेलं नव्हतं.

मला या क्षेत्रातलं सगळ्यात पटलेलं काम मात्र महासंगणकावरचं नाही. पुण्यात जन्मलेल्या सुलोचना गाडगीळ, हार्वर्डला पीएच.डी. करून १९७१ मध्ये परतल्या आणि नंतर बंगलोरच्या भारतीय विज्ञान संस्थेत मान्सूनवर काम करत राहिल्या. २०२५ मध्ये त्या गेल्या. नव्वदच्या दशकात त्या आणि त्यांचे सहकारी अनंतपूरच्या बाजूच्या कोरडवाहू भुईमूगवाल्यांकडे गेले. आधी प्रश्न विचारून घेतले. मग भुईमुगाच्या वाढीचं मॉडेल त्या भागातल्या पावसाच्या जुन्या नोंदींवर, वर्षामागून वर्ष, वेगवेगळ्या पेरणीच्या तारखा देऊन चालवलं. या तारखेला पेरलं असतं तर किती वर्षं बुडालो असतो, त्या तारखेला पेरलं असतं तर किती? उद्याचा पाऊस सांगायचा दावाच नाही. फक्त जोखीम मोजायची, आणि तीही शेतकऱ्याने विचारलेल्या प्रश्नावरची. आमच्या पऱ्हाटीचं, सोयाबीनचं, तुरीचं असं काम प्रत्येक मंडळनिहाय व्हायला हवं. माझं मत विचाराल तर पुढच्या महासंगणकाच्या आधी व्हायला हवं.

आता भाचीलाही दोन गोष्टी ऐकवतो, नाहीतर ताई म्हणेल की मामाने एकाच बाजूची वकिली केली. बाई, पैसे कमी मिळतील. पाच-सहा वर्षं शिष्यवृत्तीवर काढावी लागतील आणि तुझ्यासोबतची पोरं तोवर पुण्यात फ्लॅटचे हप्ते भरत असतील. लग्नाचा विषय निघाला की 'मुलगी काय करते' याचं उत्तर देताना तुझ्या आईची पंचाईत होईल. तुझा बहुतेक वेळ आभाळ बघण्यात जाणार नाही, दुसऱ्या कोणीतरी तीस वर्षांपूर्वी फोरट्रानमध्ये लिहिलेल्या ओळींतली चूक शोधण्यात जाईल. आणि माझी खरी भीती वेगळीच आहे. पडद्यावरचा पाऊस इतका देखणा दिसतो, रंगीत, हलता, की माणूस त्याच्याच प्रेमात पडतो आणि खिडकीबाहेर बघायचं विसरतो. मी असे प्राध्यापक पाहिलेत. त्यांचं मॉडेल आणि निसर्ग जुळले नाहीत तर चूक निसर्गाची असते. वर्षातून एकदा, जूनमध्ये, घरी येऊन वावरात उभी राहणार असशील तर माझा पाठिंबा आहे.

हे मी तिला म्हणालो तेव्हा तिने उत्तर दिलं नाही. म्हणाली, "मामा, आबांच्या वह्या कुठी हायेत?"

बाबांच्या हिशोबाच्या वह्या. लाल कापडाच्या पुठ्ठ्याच्या. त्यात खत, मजुरी, उधारी, आणि प्रत्येक वर्षी पहिल्या पावसाची तारीख, ओल किती बोटं गेली, पेरणी कधी, मोडलं का, पुन्हा पेरलं का, वेचणी किती निघाली. एकाच माणसाने, एकाच वावरात, ३१ वर्षं. हे मला कधी 'विदा' वाटलंच नव्हतं, रद्दीत द्यायच्या वह्या वाटल्या होत्या. गेल्या रविवारी आली आणि माळ्यावरून काढून दिवसभर एकेका पानाचे फोटो घेत बसली. भाऊजी तिला न्यायला आले होते. संध्याकाळपर्यंत तेही अंगणात खाली बसून बाबांचं मोडी वळणाचं अक्षर तिला वाचून दाखवत होते, कारण मला ते कधीच नीट लागलं नाही. "हे पाह्य, चार बोटं ओल लिवलं हाय, पेरलं नाही. थांबला बुढा." एम.टेक.बद्दल दोघं एक शब्द बोलले नाहीत. प्रवेशाची शेवटची तारीख पुढच्या महिन्यात आहे आणि ताईचा होकार अजून यायचाय.

वह्या तीसच सापडल्या. १९८७ ची नाही. दुष्काळाचं साल, म्हणून तीच सगळ्यात जास्त हवी आहे. आई म्हणते, सोसायटीच्या कर्जाच्या भानगडीत ती वही दिग्रसच्या काकांकडे गेली होती आणि परत आली नाही. दिग्रसवाल्यांपैकी कोणी हे वाचत असेल तर कृपया माळ्यावर, जुन्या पेटीत, देवघराखालच्या कप्प्यात एकदा बघा. लाल पुठ्ठा आहे, वरच्या कोपऱ्यात तेलाचा डाग. सापडली तर मला नाही, थेट भाचीलाच फोन करा.